समीकरणाच्या उत्तराचे चिन्ह आधी ओळखणे

पक्षांतरात चिन्ह चुकले तरी विद्यार्थी उत्तर निःशंकपणे लिहून मोकळा होतो. याकरिता उदाहरण सोडविण्यापूर्वीच शिक्षकांनी ‘उत्तर धन की ऋण?’ असे विचारावे.

७क्ष + १२ = ५ हे समीकरण घ्यावे. क्ष शून्य मानल्यास डावी बाजू १२ होते; ती ५ होण्यास घटली पाहिजे. क्षचा सहगुणक धन असल्यामुळे क्ष शून्याहून कमी झाल्याखेरीज ती घटणार नाही. म्हणून उत्तर ऋण. सहगुणक −७ असता, तर उत्तर धन आले असते.

१२ चे पक्षांतर चिन्ह न बदलता केल्यास ७क्ष = १७ येते, उत्तर धन निघते व चूक विद्यार्थ्यास स्वतःच उमगते. खरे उत्तर −१ आहे. मात्र चिन्ह जुळले म्हणजे उत्तर बरोबरच असे नव्हे, ताळा पाहावाच.