बी. प्रभा: न हसणाऱ्या बायांची चित्रकार

आज बोलूया बी. प्रभा यांच्याबद्दल. नाव ऐकलं नसेल, पण चित्र कदाचित कुठेतरी पाहिलं असेल. उंच, सडपातळ कोळीण, जवळ माशांची टोपली, मागे जवळजवळ एकाच रंगाचा पसारा. आणि चेहऱ्यावर हसू नाही. ते का नाही, हाच आजचा प्रश्न.

प्रभाताईंचा जन्म १९३३ चा, नागपूरजवळच्या बेला गावातला. आधी नागपूरच्या कलाशाळेत शिकल्या, मग मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये. आज हे वाक्य सोपं वाटतं. पण तेव्हाची मुंबई डोळ्यांसमोर आणा. १९४७ साली तिथं प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप निघाला. सूझा, रझा, आरा, हुसेन, गाडे, बाकरे असे सहा संस्थापक, आणि सहाही पुरुष. बाईनं हौस म्हणून चित्रं काढावीत, इथपर्यंत लोकांना चालायचं. चित्रकलेवर पोट भरणारी बाई मात्र विरळाच.

त्यांच्याआधी एक मोठं नाव होतं, अमृता शेरगिल. खेड्यातल्या बायांचं गप्प दुःख अमृतानं रंगवलं, आणि १९४१ मध्ये अवघ्या २८ व्या वर्षी ती गेली. प्रभाताईंवर तिचा प्रभाव होता. सुरुवातीला त्यांनी अमूर्त, आधुनिक वळणाची चित्रंही करून पाहिली, पण शेवटी बाईच्या आकृतीवर त्या ठाम राहिल्या.

१९५६ मध्ये शिल्पकार बी. विठ्ठल यांच्याशी लग्न झालं. दोघंही कलाकार, म्हणजे घरात नोकरीचा पगार नाही. अशा सुरुवातीच्या काळात त्यांची तीन चित्रं विकत घेतली होमी भाभांनी. हो, तेच, अणुशास्त्रज्ञ! भाभांना चित्रांची उत्तम पारख होती. त्याच १९५६ मध्ये एअर इंडियानं त्यांची सहा चित्रं घेतली, एकेकाला साधारण ८७ रुपये देऊन. एअर इंडियाच्या प्रसिद्ध कलासंग्रहाची सुरुवात या चित्रांनी झाली.

आता गंमत बघा. विमान कंपनीला जगासमोर सुंदर भारत मांडायचा होता. लांब मान, नाजूक हात, अंगावर पातळ; परदेशातल्या ऑफिसच्या भिंतीवर हे झकास दिसणार. पण प्रभाताईंच्या बायका जवळून पाहिल्या तर त्या थकलेल्या आहेत. डोळे मोठे, तरी ते आपल्याकडे बघत नाहीत. दोघी-तिघी शेजारी बसल्यात, पण गप्पा नाहीत. लांबट आकृतीमुळे चित्र देखणं होतं, आणि त्याच लांबटपणामुळे अंगावरचं ओझंही जाणवतं. एकच रंग सगळीकडे पसरल्यामुळे नजर पळून जायला जागा मिळत नाही. फिरून ती चेहऱ्यावरच येते.

म्हणजे घेणाऱ्यानं शोभेची वस्तू घेतली, आणि तिच्यासोबत कष्टकरी बाई गुपचूप आत आली.

कोळिणींबरोबरच दुष्काळ, भूक, बेघर माणसं हेही विषय त्यांनी रंगवले. हे आपल्याला जालन्यात कुणी समजावून सांगायला नको. १९७२ चा दुष्काळ घरच्या आजीला विचारा. पाण्याची खेप कुणी आणली, खडी कुणी फोडली, आणि त्या बायांचे फोटो किती घरांत आहेत, तेही विचारा. बाईचं काम सगळ्यांना दिसतं, पण बघत कुणी नाही. प्रभाताईंनी आयुष्यभर तेच बघितलं. राबणारी बाई हा कॅनव्हासचा मुख्य विषय होऊ शकतो, हे त्यांनी दाखवून दिलं.

२००१ मध्ये नागपुरात त्यांचं निधन झालं. आज त्यांची चित्रं लिलावात लाखोंना जातात.

तर एपिसोड संपल्यावर एक काम करा. फोनवर ‘बी. प्रभा’ सर्च करा आणि एकच चित्र निवडा. झूम करा. साडीचा रंग, टोपली, मासे राहू द्या बाजूला. आधी डोळे बघा. आणि तो चेहरा ओळखीचा वाटला, तर कुणासारखा वाटला ते आम्हाला कमेंटमध्ये नक्की सांगा. भेटू पुढच्या भागात!