कॅमेरा रोमेरोचा, कात्रीही त्याचीच

जॉर्ज रोमेरो म्हणजे झोंबीपटांचा जनक, अशी त्याची ओळख. मला तो आधी कॅमेरामन आणि संकलक वाटतो. १९६८च्या ‘नाइट ऑफ द लिव्हिंग डेड’ या पहिल्याच चित्रपटाचं दिग्दर्शन त्याचं, छायाचित्रण त्याचं आणि संकलनही त्याचंच.

न्यूयॉर्कचा हा मुलगा शिकायला पिट्सबर्गला आला आणि तिथेच रमला. मित्रांबरोबर ‘द लेटंट इमेज’ ही छोटी कंपनी काढून तो जाहिराती करू लागला. फ्रेड रॉजर्सच्या लहान मुलांसाठीच्या टीव्ही कार्यक्रमाकरता टॉन्सिलच्या शस्त्रक्रियेवरही त्याने फिल्म केली. हीच त्याची शाळा. जाहिरातीत शॉट कुठे तोडायचा, हे हाताला कळावं लागतं.

पहिल्या चित्रपटाचा खर्च सुमारे १ लाख १४ हजार डॉलर. फिल्म कृष्णधवल, रक्त म्हणजे चॉकलेट सिरप, आणि घर इव्हान्स सिटीजवळचं, पाडायला निघालेलं. या घरात रोमेरोने कॅमेरा तिरका धरला, सावल्या गडद ठेवल्या. पडदा बातमीपटासारखा खरा वाटू लागला. रात्रभर तग धरलेला कृष्णवर्णीय नायक (ड्युएन जोन्स) पहाटे झोंबी समजून झाडलेल्या गोळीला बळी पडतो आणि तिथे हलतं चित्रच थांबतं. पुढे येतात भरड, वर्तमानपत्रात छापल्यासारखी स्थिरचित्रं: प्रेत ओढायचे आकडे, प्रेत, चिता. त्या वर्षी अमेरिकेत हे पाहणाऱ्याला वर्णद्वेषाबद्दल वेगळं काही सांगावं लागलं नसेल. माझ्या मते भयपटातला हा सर्वांत धीट कट आहे.

‘डॉन ऑफ द डेड’ (१९७८) हा पुढचा झोंबीपट बराचसा मन्रोव्हिलच्या मॉलमध्ये, दुकानं बंद झाल्यावर रात्री चित्रित झाला. कॅमेरा आता मायकेल गॉर्निककडे होता. अमेरिकी आवृत्तीची कात्री मात्र रोमेरोने स्वतःकडेच ठेवली.

पहिल्या चित्रपटाचं नाव ऐनवेळी बदललं, तेव्हा नव्या शीर्षकपाटीवर स्वामित्वहक्काची ओळ राहून गेली. तेव्हाच्या कायद्याने चित्रपट सर्वांचा झाला. कुणीही प्रती काढाव्यात, प्रतींच्या प्रती काढाव्यात. पैसे बुडाले ते बुडालेच, पण रोमेरोने मांडलेला उजेडही धुरकटला. वर्षानुवर्षं लोकांनी सावल्यांच्या जागी नुसते काळे डाग पाहिले.

२०१६मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने आणि फिल्म फाउंडेशनने मूळ निगेटिव्हवरून चित्रपट पुन्हा स्वच्छ केला. पुढच्याच वर्षी रोमेरो गेला. फुकटात मिळणारी अंधूक प्रत बाजूला ठेवा. पाहायचाच तर हा स्वच्छ केलेला पाहा.