पीळ : धाग्यात भरलेली शक्ती

जादूच्या कथांमध्ये एक विद्या वारंवार भेटते. विणकर हवेतली अदृश्य शक्ती ओढून घेतो, ती धाग्यात गुंफतो आणि त्या धाग्याच्या अंगी विलक्षण बळ येतं. ही विद्या खरोखरच अस्तित्वात आहे. तिला मंत्र लागत नाही. मूठभर कापूस आणि फिरणारी चाती एवढ्यावर ती साधते.

जुलै १९४४ मध्ये या विद्येचा सर्वांत प्रसिद्ध साधक पाचगणीत राहत होता. मे महिन्यात आगाखान पॅलेसमधून सुटलेले ७४ वर्षांचे महात्मा गांधी प्रकृती सुधारण्यासाठी तिथे आले होते. रोज सूत कातण्याचा नेम त्यांनी वर्षानुवर्षं पाळला होता आणि कातण्याला ते यज्ञ मानत. सुमारे तेराशे मीटर उंचीवरच्या पाचगणीत जुलैमध्ये धुकं थेट घरात शिरतं, कपडे दिवसेंदिवस वाळत नाहीत. कापसाला मात्र हा ओलावा मानवतो. लोकर आणि रेशीम भिजल्यावर दुबळी होतात. कापसाचा तंतू भिजला की उलट अधिक बळकट होतो.

हा तंतू मुळात आहे तरी काय? सरकीच्या सालीवर वाढलेली एकच पेशी! आपल्या शरीरातल्या बहुतेक पेशी डोळ्यांना दिसतही नाहीत, आणि ही एकटी पेशी दोन-तीन सेंटिमीटर लांब होते. पानांनी सूर्यप्रकाशाच्या बळावर हवेतल्या कार्बन डायऑक्साइडपासून आणि पाण्यापासून साखर बनवलेली असते; त्याच साखरेतून पेशीच्या भिंतीवर सेल्युलोजचे थर चढतात. बोंड फुटलं की पेशी सुकते, चपटी होते आणि स्वतःभोवती वळसे घेते. म्हणजे हवेतून काहीतरी ओढून घेण्याचं काम कपाशीच्या झाडाने आधीच केलेलं असतं.

आता पिंजलेल्या कापसाचा पेळू हातात घ्या. त्यातले तंतू एकमेकांना चिकटलेले नाहीत. जरा ओढलं की पेळू विनासायास तुटतो. तोच कापूस चातीच्या टोकाला लावून चरख्याचं चाक फिरवलं, की हात मागे सरकत जातो आणि बोटांतून धागा निघू लागतो. चाकाच्या एका फेऱ्यात चाती कित्येक डझन फेरे घेते आणि तिचा प्रत्येक फेरा धाग्यात एक पीळ होऊन उतरतो. अंक म्हणजे सुताच्या बारीकपणाचं माप; वीस अंकाच्या सुताच्या एका मीटरमध्ये साधारण सातशे पीळ असतात. आता हा धागा ओढून पाहा. बोटाला काचेल, पण सहजी तुटणार नाही. त्यात डिंक नाही, गाठ नाही; वाढलाय तो फक्त पीळ.

दोन-तीन सेंटिमीटरच्या तुकड्यांपासून मैलभर लांबीचा धागा कसा टिकतो, हा प्रश्न गॅलिलिओलाही पडला होता. १६३८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात त्याने दोरखंडाच्या बळाची चर्चा केली आहे. पीळ दिला की तंतू मळसूत्रासारखे एकमेकांभोवती फिरतात. मग धागा ओढला की बाहेरचे तंतू आतल्यांना आवळतात, मोळीभोवती दोरी आवळावी तसे. दाब वाढला की घर्षण वाढतं आणि तंतूंचं निसटणं थांबतं. धागा तोडायला लावलेलं बळच त्याला घट्ट करतं! २०१८ मध्ये केंब्रिजचे रेमंड गोल्डस्टीन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या कोड्याचं गणित मांडलं. एकेका तंतूचं घर्षण अगदी क्षुल्लक असतं, पण ते एका मर्यादेपलीकडे गेलं की सगळे तंतू मिळून भार पेलू लागतात. त्या मर्यादेच्या अलीकडे नुसता पिंजलेला कापूस असतो आणि पलीकडे वस्त्र.

आणि ती गुंफलेली शक्ती? ती प्रत्यक्ष पाहता येते. हातभर धाग्याला भरपूर पीळ द्या, ताण न सोडता दोन्ही टोकं जवळ आणा आणि मधला भाग मोकळा सोडा. धागा क्षणात स्वतःभोवती गुंडाळला जातो. त्याला फिरवणारं बळ तुमच्याच बोटांनी आत भरलेलं असतं. चांगला कातणारा ही अस्वस्थ शक्ती काबूत आणतो. दोन-तीन धागे एकत्र घेऊन उलटा पीळ दिला की दोन विरुद्ध ओढी एकमेकींना तोलतात आणि दोरा शांत होतो. जानव्याचे नऊ तंतू असोत की बैलाचा कासरा, दोन्ही याच समतोलावर उभे आहेत.

प्रयोगशाळांनी ही विद्या आता पुढे नेली आहे. २०१४ मध्ये टेक्सास विद्यापीठाच्या डॅलस शाखेतल्या रे बॉमन यांच्या गटाने मासेमारीची नायलॉन दोरी आणि शिवणाचा दोरा यांना वेटोळी पडेपर्यंत पीळ दिला. ऊब लागताच तो धागा आखडला आणि तेवढ्याच लांबीच्या व वजनाच्या मानवी स्नायूच्या शंभरपट वजन त्याने उचललं. २०१७ मध्ये याच गटाने कोरियातल्या शास्त्रज्ञांसह कार्बनच्या सूक्ष्म नळ्यांचा पिळलेला धागा दाखवला. तो ताणला की वीज निर्माण होते.

तरीही मला सर्वांत मोठं नवल वाटतं ते बेळगावचं. डिसेंबर १९२४ मध्ये गांधीजींच्या अध्यक्षतेखाली तिथे काँग्रेसचं अधिवेशन भरलं आणि सभासदत्वाची वर्गणी ठरली दरमहा दोन हजार वार सूत. ज्याला स्वतः कातणं जमत नसेल, त्याने दुसऱ्याने कातलेलं द्यावं अशी सोय होती. वीस अंकाचं सूत धरलं, तर महिन्याच्या त्या वर्गणीत सुमारे पावणेतेरा लाख पीळ भरतात. त्यातला प्रत्येक पीळ कुणाच्या तरी हाताचं बळ साठवून होता. कथांमधली जादू एखाद्या निवडक वंशाला किंवा भाग्यवंताला लाभते. ही विद्या मात्र शेतकऱ्याची, वकिलाची, शाळकरी मुलीची, तुरुंगातल्या कैद्याची, सगळ्यांचीच होती. ती कुणालाही आठवड्याभरात शिकता येते आणि आजही पेळू, टकळी व थोडा धीर एवढंच भांडवल तिला पुरतं.