कालनियंत्रणाचे कल्पित युग आणि क्रियापदाचा काळ

मराठीत ‘काळ’ या एकाच शब्दाने दोन भिन्न गोष्टींचा बोध होतो. सृष्टीतील घटनांचा अखंड क्रम हा एक काळ. आणि ‘आला’, ‘येतो’, ‘येईल’ या रूपांतून व्यक्त होणारा क्रियापदाचा काळ हा दुसरा. नित्यव्यवहारात या दोहोंची गल्लत झाली तरी फारसे बिघडत नाही. कारण बोलणाऱ्याच्या अनुभवाचा क्रम आणि जगातील घटनांचा क्रम एकच आहे असे भाषा गृहीत धरून चालते. हे गृहीत किती खोलवर रुजलेले आहे ते मोडल्यावाचून ध्यानात येत नाही. प्रत्यक्षात ते मोडता येत नाही, कल्पनेत मात्र येते. म्हणूनच, मानवाने काळावर प्रभुत्व मिळविलेल्या युगाचे चित्रण करणारे वाङ्मय भाषाभ्यासकाला प्रयोगशाळेसारखे उपयोगी पडते.

या दृष्टीने आयझॅक असिमोव्ह यांची ‘द एण्ड ऑफ इटर्निटी’ (१९५५) ही कादंबरी विचारात घेण्याजोगी आहे. तीत चोविसाव्या शतकात कालक्षेत्राचा शोध लागतो आणि सत्ताविसाव्या शतकात ‘इटर्निटी’ ही संस्था स्थापन होते. काळाच्या बाहेर राहणारे तिचे सेवक शतकाशतकांतून ये-जा करतात. मानवजातीचे दुःख कमी व्हावे म्हणून एखाद्या क्षुल्लक वाटणाऱ्या घटनेत किमान आवश्यक तेवढा बदल घडवितात, आणि त्यायोगे पुढील सारा इतिहास पालटून टाकतात. त्या त्या शतकातील रहिवाशांना या पालटाची जाणीवही होत नाही. सेवकांना मात्र पूर्वीचे वास्तव ठाऊक असते.

येथे भाषेपुढे पहिला प्रश्न उभा राहतो तो क्रमाचा. हान्स रायखेनबाख यांनी १९४७ मध्ये क्रियापदाच्या काळाची उपपत्ती उच्चारणाचा क्षण, घटनेचा क्षण आणि संदर्भाचा क्षण या तीन बिंदूंच्या साहाय्याने मांडली. ‘तो आला होता’ या वाक्यात येण्याची घटना संदर्भक्षणापूर्वीची, आणि संदर्भक्षण उच्चारणापूर्वीचा. हे तिन्ही बिंदू एकाच रेषेवर आहेत, हे येथे गृहीतच आहे. कादंबरीतील कूपर या तरुणाला भूतकाळात पाठविले जाते. पण चुकीने तो विसाव्या शतकात जाऊन पडतो. तेथून तो १९३२ च्या एका नियतकालिकात जाहिरात देतो. ज्या वर्षी अणुबाँब अस्तित्वातच नव्हता त्या वर्षीच्या या जाहिरातीत अणुस्फोटाच्या छत्रीसारख्या ढगाचे चित्र असते, आणि तिच्या ओळींच्या आद्याक्षरांतून इंग्रजीतील ‘ॲटम’ हा शब्द सिद्ध होतो. तिचा खरा अर्थ कळतो तो कित्येक शतकांनंतर ते जुने अंक चाळणाऱ्या हार्लनला. हार्लनच्या अनुभवक्रमात कूपरचे प्रयाण आधीचे व जाहिरात नंतरची. पंचांगाच्या क्रमात जाहिरात आधीची व प्रयाण नंतरचे. डेव्हिड लुइस यांनी १९७६ मध्ये ‘वैयक्तिक काळ’ आणि ‘बाह्य काळ’ असा जो भेद केला, तो नेमका हाच होय. असिमोव्ह यांनीही सेवकांच्या तोंडी शतकांच्या वरच्या व खालच्या दिशेचे वाचक असे नवे शब्द घातले आहेत, आणि त्यांच्या वयाच्या मोजणीसाठी निराळे वर्ष कल्पिले आहे. दिशा शब्दांनी दाखवावी आणि क्रियापदाने केवळ वक्त्याचा अनुभवक्रम सांभाळावा, अशी ही तडजोड आहे.

दुसरा प्रश्न अधिक बिकट आहे, तो अस्तित्वाचा. समजा, एका नदीवर पूल होता आणि इतिहासातील बदलामुळे तो कधी बांधलाच गेला नाही. आता ‘येथे पूल होता’ हे विधान कोणत्याही तारखेला लागू पडत नाही. तेव्हा ‘बदल झाला नसता तर येथे पूल असता’ असे म्हणावे लागेल. मोरो केशव दामले यांच्या ‘शास्त्रीय मराठी व्याकरणा’तही (१९११) काळ आणि अर्थ यांचा वेगवेगळा विचार आहे. त्या परिभाषेत बोलायचे तर विधान स्वार्थातून संकेतार्थात ढकलले गेले. संस्कृत वैयाकरणांनी अशा क्रियातिपत्तीसाठी, म्हणजे न घडलेल्या क्रियेसाठी, ‘लृङ्’ हा स्वतंत्र लकार मानला आहे. परंतु येथे क्रिया घडली नाही असेही म्हणवत नाही. त्या पुलावरून माणसे चालत गेली होती, आणि सेवकांनी ती पाहिली होती. ‘होता’ असत्य ठरते आणि ‘असता’ अपुरे पडते.

सबीने इयात्रिदू यांनी २००० मध्ये मांडलेला विचार येथे मार्गदर्शक ठरतो. अनेक भाषांत न घडलेल्या गोष्टींसाठीही भूतकाळाचीच रूपे का येतात, याचे उत्तर त्यांनी असे दिले की या रूपांचा मूळ अर्थ ‘दूरत्व’ हा आहे. ते दूरत्व कधी या क्षणापासून असते, तर कधी या जगापासून. मराठीत ‘पाऊस पडला होता’ आणि ‘पाऊस पडला असता’ या दोन्ही वाक्यांत ‘पडला’ हे रूप समान आहे. पहिल्यात क्षण दूर आहे, दुसऱ्यात जग. पुसून टाकलेला पूल या दोन्ही अर्थांनी दूर आहे, आणि असे दुहेरी दूरत्व एका रूपात सांगण्याची सोय या व्याकरणात नाही.

हा केवळ रूपविचार नव्हे. त्या कल्पित युगात ‘होता’ म्हणण्याचा अधिकार काही थोड्यांपाशी उरतो. इतरांना आपले काय हिरावले गेले याविषयी ‘असता’ म्हणण्याइतकेही ज्ञान राहत नाही. कादंबरीच्या शेवटी हार्लन ही संस्थाच नाहीशी होऊ देतो, याचे कारण मानवी साहसाची झालेली हानी असे सांगितले आहे. पण भाषेच्या अंगाने पाहता साक्षीच्या हक्काची हानीही तितकीच मोठी आहे. प्रत्यक्ष जगात कोणालाही भूतकाळ बदलता येत नाही. दप्तरे मात्र बदलता येतात, आणि साक्षीदार गप्प करता येतात. म्हणून ज्या भाषेत ‘होता’ आणि ‘असता’ यांतील सीमारेषा वक्ते जाणीवपूर्वक राखतात, त्या भाषेत घडलेल्या गोष्टीला न घडलेली ठरविणे तेवढे कठीण होते.