अल-अहराम : पिरॅमिडांच्या नावाचं दैनिक

इजिप्तचं हे सरकारी मालकीचं दैनिक मुळात खासगी होतं, तेही स्थलांतरितांचं. सलीम आणि बिशारा तकला या लेबनीज भावांनी अलेक्झांड्रियात ते काढलं. पहिला अंक ५ ऑगस्ट १८७६चा. सुरुवातीला साप्ताहिक, १८८१ पासून दैनिक, आणि १८९९ मध्ये मुक्काम कैरोला.

१९५७ मध्ये राष्ट्राध्यक्ष नासर यांचे विश्वासू मोहम्मद हसनैन हेकल संपादक झाले. १९६०च्या कायद्याने मोठी वृत्तपत्रं खासगी मालकांकडून काढून सत्ताधारी राजकीय संघटनेकडे दिली गेली. त्यानंतर हेकल यांचा शुक्रवारचा स्तंभ अरब जगात नासर यांच्या मनाचा अंदाज घेण्यासाठी वाचला जाई. पण याच संपादकाने १९५९ मध्ये नगीब महफूझ यांची ‘अवलाद हारतिना’ ही कादंबरी, अल-अझहर या इस्लामी विद्यापीठाच्या धर्मपंडितांचा रोष पत्करून, शेवटच्या प्रकरणापर्यंत क्रमशः छापली. या वृत्तपत्राचा इतिहास लिहिताना ही हिंमत विसरणं अन्यायाचं ठरेल. १९७४ मध्ये राष्ट्राध्यक्ष सादात यांनी हेकल यांना हटवलं.

सरकारी मालकीची किंमत २०१० मध्ये उघडी पडली. व्हाइट हाउसमधल्या छायाचित्रात ओबामांच्या मागे चालणारे इजिप्तचे राष्ट्राध्यक्ष मुबारक या दैनिकाने फेरफार करून सर्वांच्या पुढे आणले. वाचकांचा हा सरळ विश्वासघात होता. पुढच्याच फेब्रुवारीत मुबारक पायउतार झाले, आणि जनतेने राजवट उलथवली, असा मथळा याच दैनिकाच्या पहिल्या पानावर झळकला.