सोळावे वर्ष आणि शिकाऊ परवाना

दहावीची परीक्षा संपते, विद्यार्थी वसतिगृहातून सुट्टीसाठी आपापल्या गावी जातात आणि घराघरांत एक प्रश्न निघतो : ‘आता याला गाडी शिकवायची का?’ पुष्कळ घरांत त्याचे उत्तर प्रश्नाआधीच ठरलेले असते. दूध डेअरीवर पोहोचवायचे असते, शेतावर डबा न्यायचा असतो, आजीला दवाखान्यात दाखवायचे असते आणि एसटीची वेळ काही जुळत नाही. मग स्कूटरची चावी पंधरा-सोळा वर्षांच्या मुलाच्या किंवा मुलीच्या हाती जाते. पालकांकडे विचारणा केली, की आम्हांस बहुधा एकच उत्तर मिळते : ‘सोळा पूर्ण झाली आहेत, लर्निंग काढून दिले आहे.’ या उत्तरात अर्धे सत्य आहे. उरलेल्या अर्ध्याची किंमत फार मोठी आहे. ती माजी विद्यार्थी, पालक आणि समाजबांधव यांच्यासमोर स्पष्टपणे मांडावी, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

प्रथम कायदा काय म्हणतो ते पाहू. मोटार वाहन कायदा, १९८८ मधील कलम ४ प्रमाणे सार्वजनिक ठिकाणी मोटार वाहन चालविण्यासाठी वयाची १८ वर्षे पूर्ण असावी लागतात. याला एकच सवलत आहे. ज्या दुचाकीच्या इंजिनाची क्षमता ५० सीसीपेक्षा अधिक नाही, ती १६ वर्षे पूर्ण झालेल्या व्यक्तीस परवाना घेऊन चालविता येते. अर्जदार १८ वर्षांखालील असल्यास अर्जावर आईवडिलांची किंवा पालकाची संमतीची सही लागते. सोळाव्या वर्षी मिळणारा शिकाऊ परवाना तो हाच.

आता घराच्या अंगणात कोणती गाडी उभी आहे ते पाहावे. ही तरतूद झाली तेव्हा ५० सीसीची वाहने रस्त्यावर भरपूर होती. १९७२ साली बाजारात आलेली लुना आपल्यापैकी अनेकांच्या वडिलांनी व काकांनी वापरली आहे. आज दुकानात मिळणाऱ्या गिअर नसलेल्या बहुतेक स्कूटर ११० किंवा १२५ सीसीच्या असतात. शेतकरी वापरतात ती एक्सएलदेखील १०० सीसीच्या घरातली आहे. म्हणजे मुलाच्या खिशात परवाना आहे, परंतु तो घरच्या गाडीला लागू नाही. ‘गिअर नाही म्हणजे चालते’ ही समजूत सातारा आणि सांगली या दोन्ही जिल्ह्यांत आम्हांस सर्रास आढळते. कायदा गिअरबरोबर सीसीही पाहतो, हे तिच्यात सुटून जाते.

विजेवर चालणाऱ्या गाड्यांबाबतही असाच घोटाळा होतो. मोटारीची शक्ती पाव किलोवॅटपेक्षा कमी आणि कमाल वेग ताशी २५ किलोमीटरपेक्षा कमी, अशा ठरावीक अटींत बसणारे हलके वाहन केंद्रीय नियमांप्रमाणे ‘मोटार वाहन’ या व्याख्येत येत नाही. त्यास परवाना लागत नाही. त्याहून वेगवान, नंबर प्लेट लागणाऱ्या इलेक्ट्रिक स्कूटरला मात्र परवाना लागतोच. ट्रॅक्टरचेही तसेच. स्वतःच्या रानात मुलाने नांगरट करणे वेगळे आणि उसाची ट्रॉली जोडून कारखान्याच्या रस्त्यावर येणे वेगळे. रस्त्यावर चाक आले, की १८ वर्षांची अट आली.

ही अट मोडल्यास काय होते? पूर्वी थोड्या दंडावर भागत असे. १ सप्टेंबर २०१९ पासून कलम १९९-अ लागू झाले आणि चित्र पालटले. अल्पवयीनाने वाहन चालवून गुन्हा केल्यास त्याचा पालक किंवा वाहनाचा मालक दोषी मानला जातो. त्यास तीन वर्षांपर्यंत कारावास आणि २५,००० रुपये दंड होऊ शकतो. वाहनाची नोंदणी बारा महिन्यांसाठी रद्द होते. गाडी मुलास पालकांच्या संमतीनेच मिळाली, असे न्यायालय गृहीत धरते. आपणांस माहीत नव्हते किंवा आपण पुरेशी काळजी घेतली होती, हे पालकांनी सिद्ध करावयाचे असते. ज्या अल्पवयीनाकडे परवाना आहे व तो त्याच परवान्यात बसणारे वाहन चालवीत होता, त्याच्या पालकास या कलमातून सूट आहे. परंतु ५० सीसीच्या परवान्यावर ११० सीसीची स्कूटर चालविणाऱ्यास या सुटीचा आधार उरत नाही.

याच कलमातील आणखी एका तरतुदीकडे पालकांचे फारसे लक्ष जात नाही. अशा मुलास वयाची २५ वर्षे पूर्ण होईपर्यंत शिकाऊ किंवा पक्का, कोणताच परवाना मिळू शकत नाही. आमच्या विद्यार्थ्यांच्या दृष्टीने ही शिक्षा कारावासाहून लहान नाही. एसटीच्या चालकपदासाठी, पोलीस दलातील चालकपदासाठी, रुग्णवाहिकेवर किंवा मालवाहू टेम्पोवर काम मिळण्यासाठी परवाना हे पहिले कागदपत्र असते. ज्यांच्या घरी शेत नाही, दुकान नाही, त्यांना हातातील कौशल्यावरच उभे राहावयाचे असते. सोळाव्या वर्षी डेअरीपर्यंत मारलेली एक चक्कर कमाईच्या उमेदीची वर्षे अडवून ठेवू शकते.

अपघात झाला तर विम्याचा प्रश्न उभा राहतो. चालकाकडे वैध परवाना नसेल, तर जखमीस भरपाई विमा कंपनीने आधी द्यावी आणि नंतर ती वाहनमालकाकडून वसूल करावी, असे आदेश न्यायालये देतात. भरपाईची रक्कम लाखांत असू शकते. एक-दोन एकर जमीन किंवा गावातील दोन खोल्यांचे घर एवढीच ज्यांची मालमत्ता, अशा कुटुंबास हे झेपणारे नाही. समोरच्या घरातील जखमी माणसाचे दुःख तर कोणत्याच रकमेने भरून येत नाही.

साताऱ्याच्या मातीत या विषयाला एक जुनी आठवण जोडलेली आहे. १९०१ साली बाल भीमराव व त्यांच्यासोबतची मुले वडिलांकडे जाण्यासाठी साताऱ्याहून निघून मसूर स्थानकावर उतरली. जात कळताच एकही गाडीवान त्यांना नेण्यास तयार होईना. अखेर दुप्पट भाडे घ्यावे, गाडी मुलांनी स्वतः हाकावी व गाडीवानाने शेजारून चालावे, अशी तोड निघाली. बाबासाहेबांनीच हे लिहून ठेवले आहे. त्या मुलांच्या हाती कासरा आला तो समाजाने शेजारी बसण्यास नकार दिला म्हणून. आज आपल्या मुलामुलींना रस्त्यावर सर्वांच्या बरोबरीने, स्वतःच्या नावाचा परवाना घेऊन गाडी चालविण्याचा हक्क आहे. तो रीतसर मिळवावा आणि कोणाला बोट दाखविण्यास जागा ठेवू नये, असे आम्हांस वाटते.

रीत अवघड नाही. १८ वर्षे पूर्ण झाल्यावर परिवहन खात्याच्या ‘सारथी’ संकेतस्थळावर अर्ज करावा. वयाचा व पत्त्याचा पुरावा आणि प्रकृतीबाबतचे स्वयंघोषणापत्र लागते. केंद्रीय नियमांप्रमाणे शिकाऊ परवान्याचे शुल्क वाहनाच्या प्रत्येक प्रकारास १५० रुपये आणि चाचणीचे ५० रुपये आहे. सातारा (एमएच-११), कऱ्हाड (एमएच-५०) आणि सांगली (एमएच-१०) येथे परिवहन कार्यालये आहेत. २०१९ च्या दुरुस्तीनंतर राज्यातील कोणत्याही परवाना प्राधिकाऱ्याकडे अर्ज करता येतो. त्यामुळे घर जतला आणि शिक्षण साताऱ्यात, अशा विद्यार्थ्याची अडचण कायद्याने दूर केली आहे.

आधार क्रमांकाच्या साहाय्याने ही चाचणी २०२१ पासून महाराष्ट्रात घरबसल्याही देता येते. तीत वाहतुकीची चिन्हे, फाटक नसलेल्या रेल्वे क्रॉसिंगवरील दक्षता, अपघातसमयीची चालकाची कर्तव्ये आणि गाडीत ठेवावयाची कागदपत्रे यांवर प्रश्न असतात; किमान साठ टक्के उत्तरे बरोबर यावी लागतात. ही चाचणी दुसऱ्या कोणी बसून देऊ नये. पेठ नाक्यावर महामार्गास मिळताना किंवा रात्री दिवे नसलेल्या उसाच्या ट्रॉलीमागे असताना ती उत्तरे ज्याची त्यालाच आठवावी लागतात.

शिकाऊ परवाना सहा महिने चालतो आणि किमान तीस दिवसांनंतर पक्क्या परवान्याची चाचणी देता येते. या काळात तीन अटी पाळावयाच्या असतात. गाडीच्या पुढे व मागे पांढऱ्या पाटीवर तांबड्या रंगात ‘एल’ हे इंग्रजी अक्षर असावे. वाहन आवरता किंवा थांबविता येईल अशा जागी परवानाधारक शिकविणारा सोबत असावा. दुचाकीवर त्याच्याखेरीज दुसरे कोणी बसवू नये. शिकाऊ परवान्यावर मित्रास मागे बसवून कृष्णाकाठी फिरावयास जाणे या अटींत बसत नाही. हेल्मेट दोघांनाही लागते, हे वेगळे सांगावयास नको. पुढे बस किंवा मालट्रक चालवावयाचा असल्यास २० वर्षे वय आणि हलक्या वाहनाचा परवाना किमान एक वर्ष हाती असणे आवश्यक आहे. या वाहनांसाठी पूर्वी असलेली आठवी उत्तीर्णतेची अट २०१९ साली काढून टाकण्यात आली.

यातील दुसऱ्या अटीपाशी आमची अनेक मुले अडतात. घरात परवाना असलेले कोणीच नसते आणि ड्रायव्हिंग स्कूलची फी परवडत नाही. येथे माजी विद्यार्थ्यांना काम आहे. आपल्यापैकी कोणी एसटीत, कोणी पोलीस दलात, कोणी शाळेत किंवा बँकेत आहेत. अनेकांजवळ गाडी आहे, परवाना आहे आणि रविवारची सकाळ मोकळी असते. आपल्या गावातील अठरा वर्षे पूर्ण झालेल्या एका मुलास व एका मुलीस परवाना काढून देऊन, ‘एल’ची पाटी लावून, शेजारी बसून महिनाभर शिकवावे. ज्यांचे वय अद्याप सोळा-सतरा आहे, त्यांच्या घरी जाऊन चावी आणखी दोन वर्षे खुंटीवरच राहू द्या, असे पालकांना आपुलकीने सांगावे. गुरुजनांपेक्षा गावच्या दादाचे आणि ताईचे मुले अधिक ऐकतात, हा आमचा अनुभव आहे.

सर्व विद्यार्थी सुखरूप घरी पोहोचोत, ही मंगल कामना.