बंदराकडून रुळाकडे : एकोणिसाव्या शतकातील वसई आणि आगगाडी

महाराष्ट्रातील रेल्वेच्या इतिहासाची मांडणी बहुधा १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला गेलेल्या गाडीपासून सुरू होते आणि बोरघाट चढून दख्खनच्या पठारावर जाते. त्या मांडणीत मुंबईच्या उत्तरेचा किनारा, म्हणजे वसईपासून डहाणूपर्यंतचा पट्टा, फारसा येत नाही. वास्तविक आगगाडीने समाजाची घडी कशी बदलली हे पाहण्यासाठी वसईइतका बोलका मुलूख क्वचितच सापडेल, कारण इथे रेल्वे एखाद्या जगापासून तुटलेल्या प्रदेशात आलेली नव्हती. सोपारा हे प्राचीन काळचे शूर्पारक बंदर होते. १५३४ ते १७३९ या दोन शतकांत वसई हे पोर्तुगीजांच्या उत्तरेकडील प्रांताचे मुख्य ठाणे होते आणि चिमाजी अप्पांच्या मोहिमेनंतर ते मराठ्यांकडे आले. या भूमीचा जगाशी संबंध जुनाच होता, मात्र तो समुद्रमार्गे होता. आगगाडीने त्या संबंधाची दिशाच बदलली : पश्चिमेला बंदराकडे पाहणारी वसई पूर्वेला रुळाकडे पाहू लागली.

रेल्वेपूर्वी वसईहून मुंबईस जाणे हे भरती-ओहोटीवर अवलंबून असे. उल्हास नदीच्या मुखाशी असलेली वसईची खाडी या प्रदेशाला साष्टी बेटापासून तोडते. त्यामुळे प्रवाशाने एक तर मचव्यात किंवा पडावात बसून थेट मुंबईचे बंदर गाठायचे, नाही तर खाडी उतरून साष्टीतून जमिनीच्या वाटेने जायचे, असे दोनच पर्याय होते. माहीमचा बांधरस्ता १८४५ मध्ये झाल्यावर साष्टी आणि मुंबई पश्चिमेच्या बाजूने जोडली गेली, तरी वसईची खाडी आडवी होतीच. तिथीच्या आकड्याची पाऊणपट केली की त्या दिवशीच्या पूर्ण भरतीची वेळ निघते, हा कोळ्यांचा हिशेब. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहा वाजता. भरती रोज सुमारे पन्नास मिनिटांनी पुढे सरकते, म्हणून प्रवासाची, बाजाराची आणि घरी परतण्याची वेळही रोज वेगळी असे. वसईच्या माणसाचा दिवस चंद्राने ठरवलेला होता, असे म्हटले तर ती अतिशयोक्ती होणार नाही.

ही रचना बदलणारी बॉम्बे, बरोडा अँड सेंट्रल इंडिया रेल्वे कंपनी, जिला लोक पुढे ‘बीबीसीआय’ म्हणू लागले, १८५५ मध्ये स्थापन झाली. तिला वसईचे आकर्षण नव्हते. तिला गुजरातचा कापूस हवा होता. भांडवल विलायतेतील भागधारकांचे आणि त्यावर पाच टक्के व्याजाची सरकारी हमी, अशी त्या काळच्या रेल्वे कंपन्यांची पद्धत होती. हमी याचा अर्थ असा, की गाडीने पुरेसे कमावले नाही तर तूट हिंदुस्थानच्या महसुलातून, म्हणजे येथील रयतेच्या पैशातून, भरली जाई. काम गुजरातेत सुरू झाले, १८६० मध्ये अंकलेश्वर ते उत्राण हा पहिला टप्पा खुला झाला आणि १८६४ च्या अखेरीस मार्ग मुंबईत ग्रँट रोडपर्यंत पोहोचला. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे तिकडचा कापूस बंद होऊन मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव आलेली ती वर्षे होती. या मार्गावरच्या पुलांसाठी कर्नल जे. पी. केनेडी यांनी साठ फुटी लोखंडी गाळे आणि ‘स्क्रू पाइल’, म्हणजे टोकाशी मळसूत्र असलेले, गाळात फिरवून रुतवायचे पोकळ खांब, यांची एकसारखी रचना स्वीकारली होती. नायगाव आणि भाईंदर यांच्यामध्ये, पाणजू बेटाला टेकत, खाडीवर पूल उभे राहिले आणि साष्टी व वसई कोरड्या पायांनी जोडल्या गेल्या. वाहनांसाठी खाडीवर पूल व्हायला विसाव्या शतकाचा उत्तरार्ध उजाडावा लागला. म्हणजे शंभराहून अधिक वर्षे आगगाडी हाच वसईचा मुंबईकडे जाणारा एकमेव कोरडा रस्ता होता.

रूळ कुठून गेले, याला सामाजिक इतिहासात फार महत्त्व आहे. वसई, पापडी, निर्मळ, आगाशी, अर्नाळा ही जुनी नांदती गावे पश्चिमेच्या बागायती पट्ट्यात आहेत, तर मार्ग त्यांना टाळून पूर्वेकडून काढला गेला. ‘वसई रोड’ या नावातील ‘रोड’ या शब्दाचा अर्थ इथे उलगडतो : रेल्वेच्या परिभाषेत रोड म्हणजे त्या गावाला जाणारा रस्ता जिथून फुटतो ते स्थानक. केळवे रोड आणि डहाणू रोड ही नावेही तशीच पडली. ‘नालासोपारा’ हे नाव तर नाळे आणि सोपारा या दोन स्वतंत्र गावांना एकत्र बांधून तयार झाले. स्थानकाच्या पाटीने निर्माण केलेले गाव असेच त्याला म्हणावे लागेल. जिथे वस्ती विरळ होती तिथे स्थानक आले आणि पुढच्या शतकात वस्ती स्थानकाभोवती दाटली, तर एके काळी जहाजबांधणीसाठी प्रसिद्ध असलेली आगाशी मुख्य वाटेपासून दूर पडली. आज नकाशावर शहर म्हणून जे दिसते ते या रुळांच्या कडेने वाढलेले आहे.

१२ एप्रिल १८६७ रोजी विरार ते मुंबईतील बॅकबे अशी रोजची एक गाडी सुरू झाली. पश्चिम उपनगरी रेल्वेचा आरंभ याच गाडीपासून मानला जातो. ती विरारहून सकाळी ६:४५ ला सुटे आणि बॅकबेहून संध्याकाळी ५:३० ला परत निघे. एवढ्या वेळापत्रकातूनही ती कोणासाठी होती हे वाचता येते : सकाळी जाऊन संध्याकाळी परतण्याची ही वेळ कोटातील कचेऱ्या आणि पेढ्यांची आहे. तिसऱ्या वर्गाचे भाडे मैलाला ३ पै होते. बारा पैंचा एक आणा या हिशेबाने सुमारे ३६ मैलांच्या प्रवासाला एका वेळचे नऊ आणे पडत. दिवसाकाठी काही आणे मिळवणाऱ्या शेतमजुराला हे रोज परवडणे शक्य नव्हते. रेल्वेने सर्वांना एकाच वेळी जवळ आणले, हे विधान म्हणूनच सावधपणे करायला हवे. तिने आधी लिहिणाऱ्या-वाचणाऱ्यांना आणि विकण्याजोगा माल असलेल्यांना जवळ आणले.

हा माल वसईकडे भरपूर होता. बावखले, म्हणजे बागांमधून खणलेली गोड्या पाण्याची तळी, आणि त्यांवर बैलाने फिरणारे रहाट यांच्या आधारावर येथील वाडवळ, सामवेदी, कुपारी आणि इतर बागायतदारांनी केळी, पानवेल, ऊस आणि फुलांची शेती पिढ्यान्‌पिढ्या जोपासली होती. आगाशीची सुकेळी, म्हणजे राजेळी केळी सोलून उन्हात वाळवलेली, हा मंद वाहतुकीच्या काळाला साजेसा जिन्नस होता. पडावाला उशीर झाला तरी तो नासत नसे. पानाचे आणि फुलाचे तसे नाही. पहाटे खुडलेला मोगरा त्याच दिवशी विकला गेला पाहिजे, आणि ठरल्या वेळी निघून ठरल्या वेळी पोहोचणाऱ्या गाडीने ही नाशवंत शेती मुंबईच्या बाजाराशी बांधून टाकली. १८६४ च्या गणतीत ८,१६,५६२ लोकसंख्या असलेले ते शहर पुढे कापसाच्या मंदीमुळे ओसरून १८७२ मध्ये ६,४४,४०५ वर आले, तरी एवढ्या तोंडांना भाजीपाला हवाच होता. टोपली घेऊन मुंबईच्या दारोदारी फिरणारी ‘वसईवाली’ पुढे शहराच्या परिचयाची झाली. या बाईचे श्रेय इतिहासलेखनात कमी दिले गेले आहे. बाग पुरुषाच्या नावावर असली तरी बाजाराची भाषा, भाव आणि रोकड तिच्या हाती होती, आणि रेल्वेचा खरा सामाजिक परिणाम शोधायचा तर तिच्या टोपलीपासून सुरुवात करावी लागेल.

डब्यातील बाकावर जातीनुसार जागा नव्हती. भाड्याचा वर्ग होता. ज्याने त्या वर्गाचे भाडे भरले तो तिथे बसणार, आणि शेजारी कोण हे निवडता येत नव्हते. यामुळे जातिभेद मिटला, असे मानणे भाबडेपणाचे ठरेल, कारण गाडीतून उतरल्यावर पाणवठे आणि पंगती पूर्वीसारख्याच वेगळ्या राहिल्या. पण काही तास का होईना, सोवळ्याचे नियम चालू शकत नाहीत अशी सार्वजनिक जागा प्रथमच निर्माण झाली. दुसऱ्या बाजूला, मुंबईत नोकरीसाठी गर्दी झाल्यावर जुन्या ओळखी नव्याने आखाव्या लागल्या. मुंबई, साष्टी आणि वसई भागांतील मूळच्या ख्रिस्ती समाजाला ‘पोर्तुगीज ख्रिश्चन’ म्हटले जाई, आणि गोवा व मंगळूरहून आलेले ख्रिस्तीही त्याच नावाने ओळखले जात. सरकारी व कंपन्यांच्या नोकऱ्यांत ही सरमिसळ जाचू लागल्याने १८८७ मध्ये, राणी व्हिक्टोरियाच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवाच्या निमित्ताने, स्थानिक समाजाच्या पुढाऱ्यांनी ‘ईस्ट इंडियन’ हे नाव स्वीकारले. घरी मराठीच्या बोली बोलणाऱ्या या समाजाने इंग्रजी नाव घेतले, यामागे नोकरीच्या बाजाराचा दाब स्पष्ट दिसतो.

रुळांच्या पूर्वेला मात्र चित्र वेगळे आणि कठोर होते. वारली, कातकरी, मल्हार कोळी यांच्या जंगलातील लाकूड पूर्वी नदी-खाडीच्या वाटेने जाई; आता ते स्थानकावर येऊन पडू लागले. मुंबईच्या चुली आणि इमारती यांची मागणी वाढत असतानाच १८७८ च्या वन कायद्याने जंगलावर सरकारचा हक्क पक्का केला आणि सरपण, राब व चराई या नित्याच्या गरजा गुन्ह्यांच्या यादीत गेल्या. राब म्हणजे भाताच्या रोपांसाठी जमिनीवर पालापाचोळा व फांद्या जाळण्याची पद्धत. तिच्यावाचून डोंगरउतारावर भात होत नाही. ठाणे जिल्ह्यातील असंतोष इतका वाढला, की १८८५ मध्ये सरकारला वन आयोग नेमावा लागला. बागायतदाराला ज्या गाडीने बाजार दिला, तिनेच आदिवासीचे जंगल बाजाराच्या आवाक्यात आणले.

वेळेचा प्रश्न याहून सूक्ष्म होता. १८७० नंतर रेल्वेने मद्रासची वेळ स्वीकारली होती आणि ती मुंबईच्या स्थानिक वेळेपेक्षा सुमारे अर्ध्या तासाने पुढे होती. त्यामुळे वसईच्या फलाटावरचा क्षण सूर्याचाही नव्हता आणि भरतीचाही नव्हता. तिथीला पाऊणपट करणारा कोळी आणि ६:४५ ची गाडी गाठणारा कारकून एकाच गावात राहत होते, पण त्यांच्या सकाळी वेगळ्या झाल्या होत्या.

१८६७ च्या त्या गाडीच्या थांब्यांत पाणजू हेही नाव होते. आज तिथे स्थानक नाही. दोन्ही बाजूंच्या पुलांवरून गाड्या दिवसरात्र धावत असतात आणि बेटावरची माणसे नायगावला जाण्यासाठी अजूनही होडीत बसतात.